भात्याचे झाड

नऊ वर्षांपूर्वीची गोष्ट. दुसऱ्या वर्षाच्या वर्गात एकदल वनस्पतींचा पाठ चालला होता. मका, गवत, कांदा, केळ ही नेहमीची मंडळी फळ्यावर येऊन गेली आणि मी ठरावीक वाक्य उच्चारले, "एकदल वनस्पतींची खोडे वर्षानुवर्षे जाड होत जात नाहीत." मागच्या बाकावरून एका विद्यार्थिनीने विचारले, "सर, मग कोरफडीचं झाड असतंय का?" वर्ग हसला. मीही हसलो आणि म्हणालो, "कोरफड ती कोरफड. तिचे झाड झाले तर दारावर टांगायला काय उरेल?"

विनोद बरा साधला. उत्तर मात्र साफ चुकले होते. त्या मुलीने कुठल्याशा दिनदर्शिकेवर एक चित्र पाहिले होते. दुसऱ्या दिवशी तिने ते पान फाडून आणले आणि मुकाट्याने टेबलावर ठेवले. काळ्या खडकांच्या राशी, वर निळे आकाश, आणि मध्ये एक जाडजूड, सोनेरी सालीचे झाड. दोन फांद्या, दोहोंच्या चार, चारांच्या आठ, आणि प्रत्येक फांदीच्या टोकाला कोरफडीच्या पानांचा एकेक झुबका! वीस वर्षे वनस्पतिशास्त्र शिकविणाऱ्या माणसाला हे झाड ठाऊक नसावे याची शरम वाटली. त्या शरमेपोटी मी जे वाचले आणि पुढे आठ पावसाळे जे केले, त्याचा हा वृत्तान्त.

हे झाड दक्षिण आफ्रिकेच्या वायव्य भागातले आणि नामिबिया देशातले. ऑरेंज नदीच्या दोन्ही अंगांना पसरलेला जो उजाड, खडकाळ प्रदेश आहे, तेथे वर्षाकाठी शे-दीडशे मिलिमीटर पाऊस पडला तरी लोक समाधानी असतात. (आमच्या बेळगावात तेवढा पाऊस जुलैच्या एका आठवड्यात पडून जातो आणि वर कोणी त्याची दखलही घेत नाही.) तेथील डच वंशाचे लोक या झाडाला 'कोकरबूम' म्हणतात. कोकर म्हणजे बाण ठेवण्याचा भाता, बूम म्हणजे झाड. भाता म्हणजे लोहाराचा नव्हे, अर्जुनाच्या पाठीवरचा! त्या प्रदेशातील सान लोक या झाडाची फांदी तोडून तिच्यातला मऊ गाभा कोरून काढीत, एक तोंड चामड्याने बंद करीत आणि त्या नळकांड्यात आपले बाण ठेवीत. केप वसाहतीचा प्रमुख सिमोन व्हान डर स्टेल १६८५ साली तांब्याच्या खाणींच्या शोधात उत्तरेकडे नामाक्वालँडात गेला, तेव्हा त्याच्या प्रवासवृत्तात ही चाल नोंदविली गेली. पुढे क्यूच्या उद्यानासाठी वनस्पती गोळा करावयास गेलेल्या फ्रान्सिस मॅसन याने १७७६ साली या झाडाला 'अ‍ॅलो डायकॉटोमा' असे शास्त्रीय नाव दिले. डायकॉटोमा म्हणजे दोन-दोन फाट्यांनी वाढणारी. नाव अगदी चपखल आहे.

ते नाव मात्र आता बदलले आहे. वनस्पतींच्या डीएनएच्या तुलनेतून असे दिसून आले की, झाडासारख्या वाढणाऱ्या या काही जाती आपल्या परसातल्या कोरफडीपासून फार पूर्वीच वेगळ्या झालेल्या आहेत. म्हणून २०१३ साली त्यांचा स्वतंत्र वंश (जीनस) मानण्यात आला आणि हे झाड 'अ‍ॅलोडेन्ड्रॉन डायकॉटोमम' झाले. तेव्हा कोरफडीची ही थेट सख्खी बहीण नव्हे, चुलत घराण्यातली म्हणावी. आमच्या कन्नड विभागातील सहकाऱ्यांना मी हे नाते सांगितले, तेव्हा ते म्हणाले, "आमच्याकडे कोरफडीला लोळेसर म्हणतात. लोळे म्हणजे तो बुळबुळीत रस. तुमच्या या झाडात तो आहे का?" पानांत आहे. पण या झाडाची खरी तिजोरी खोडात आहे.

आता माझ्या त्या चुकलेल्या वाक्याकडे येतो. कारण विद्यार्थ्यांनी ते वहीत लिहून घेतले असणार. आंबा, वड, साग ही द्विदल झाडे जाड होतात, ती सालीच्या आतल्या अंगाला असलेल्या वर्धनशील थरामुळे. तो थर आत लाकूड आणि बाहेर साल तयार करीत राहतो. वर्षावर्षाचे लाकूड वेगळे दिसते, म्हणून ज्या झाडांत ही वलये स्पष्ट असतात त्यांचे वय मोजता येते. एकदल वनस्पतींत असा थर नसतो. माड उंच वाढतो, पण त्याचा घेर कोवळेपणीच ठरून जातो. येथपर्यंत माझे वाक्य बरोबर होते. परंतु काही मोजक्या एकदलांनी स्वतःची निराळी युक्ती काढली आहे. त्यांच्या खोडाच्या कडेला एक वेगळाच वाढणारा पट्टा असतो. तो आतल्या बाजूस मऊ पेशी आणि त्यांत विखुरलेल्या वाहिन्यांचे पुंजके भरीत जातो. खोड जाड होत जाते, पण त्याचे लाकूड होत नाही. पाण्याने भरलेला, तंतुमय भोपळा होतो म्हणा ना. भात्याचे झाड अशांपैकी एक. बुंध्याशी त्याचा व्यास मीटरभर होऊ शकतो, उंची सात ते नऊ मीटर. आणि त्यात वलये नसल्याने त्याचे वय कोणालाच नेमके सांगता येत नाही. जुन्या छायाचित्रातले झाड त्याच जागी उभे राहून पुन्हा टिपावयाचे आणि मधल्या वर्षांत ते किती वाढले ते पाहावयाचे, हा एक मार्ग. अशा अंदाजांनी मोठी झाडे दोनशे वर्षांच्याही पुढची ठरतात.

हा मऊ गाभा माणसांच्याही कामी आला. मेलेल्या झाडाचे जाड खोड आतून पोखरून लोक त्यात पाणी, मांस, भाजी ठेवीत. तंतुमय भिंतींतून हवा खेळते आणि आतला जिन्नस थंड राहतो. आपल्या माठाचेच तत्त्व. कोवळ्या कळ्याही खातात असे वाचले.

एवढ्या उन्हात हे झाड जगते कसे? फांद्यांवर पांढऱ्या भुकटीचा पातळ लेप असतो, तो ऊन परतवून लावतो. पाने जाड, निळसर हिरवी. परंतु सर्वांत महत्त्वाची युक्ती डोळ्यांना दिसत नाही. सामान्य वनस्पती दिवसा पानांची छिद्रे उघडून हवा आत घेते आणि त्याच वेळी तिच्यातले पाणी बाहेर उडते. हे झाड दिवसा दारे-खिडक्या घट्ट लावून बसते आणि रात्री उघडते. रात्री घेतलेला कार्बन डायऑक्साइड ते मॅलिक आम्लाच्या रूपात साठवून ठेवते आणि दिवसा, बंद दारांआड, त्याची साखर करते. निवडुंग, अननस आणि आपली कोरफडही हेच करतात. या गोष्टीचा एक जुना धागा आपल्या देशाशी जुळलेला आहे. कंपनी सरकारच्या नोकरीत दक्षिण हिंदुस्थानात असलेले वनस्पतिशास्त्रज्ञ बेंजामिन हाइने यांनी पानफुटीचे पान सकाळी आंबट लागते आणि दिवस कलता कलता बेचव होते, असे टिपून ठेवले. त्यांचे ते पत्र १८१५ साली लंडनच्या लिनियन सोसायटीने छापले. विद्यार्थी मित्रांनी चव घेण्याच्या भानगडीत पडू नये. प्रयोगशाळेच्या मागे पानफुटीचे बन माजले आहे. सकाळी सातला आणि दुपारी चारला एकेक पान ठेचून रसात पीएच कागद बुडवून पाहावा, म्हणजे हाइनेसाहेब काय म्हणत होते ते कळेल.

नामिबियातील केटमन्सहूप या गावापासून चौदा किलोमीटरवर एका खासगी शेतात या झाडांची एक राईच आहे, सुमारे अडीचशे झाडांची. १९९५ साली नामिबिया सरकारने तिला राष्ट्रीय स्मारक म्हणून जाहीर केले. काळ्या डोलेराइटच्या धोंड्यांतून ही झाडे उगवलेली आहेत. सुगरणीच्या जातभाईंपैकी एक पक्षी तेथे आपल्या सबंध वसाहतीसाठी गवताची एकच मोठी गंजी फांद्यांत बांधतो. जून-जुलैमध्ये, म्हणजे तिकडच्या हिवाळ्यात, पिवळीधमक फुले येतात. मधासाठी शिंजीर लोटतात, बबून माकडे फुले ओरबाडून खातात. त्या देशाच्या पन्नास सेंटच्या नाण्यावर हे झाड कोरलेले आहे.

नाण्यावर विराजमान झालेल्या या झाडाचे दिवस मात्र फारसे बरे नाहीत. २००७ साली प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात त्याच्या सबंध प्रदेशातील ठिकाणे तपासून पाहिली होती. उत्तरेकडच्या, विषुववृत्ताच्या बाजूच्या, जास्त तापलेल्या ठिकाणी झाडे मोठ्या प्रमाणावर मरत होती. दक्षिणेकडच्या थंड ठिकाणी संख्या वाढत होती. प्रदेश तापतो आहे, तेव्हा झाडांनी दक्षिणेला सरकले पाहिजे, हा हिशेब कागदावर सोपा आहे. पण झाड चालत नाही. त्याचे बी वाऱ्यावर थोडे दूर जाते. ते एखाद्या झुडपाच्या किंवा खडकाच्या आडोशाला पडले तरच रोप जगते. आणि त्या रोपाला पहिले फूल यावयास वीस ते तीस वर्षे लागतात. एवढ्या काळात हवा कितीतरी पुढे निघून गेलेली असते. या निष्कर्षाविषयी अभ्यासकांत सगळेच एकमत नाही. मरणाची कारणे ठिकाणागणिक निराळी असू शकतात. तरी धोक्यात येऊ शकणाऱ्या जातींच्या जागतिक यादीत ते नोंदले गेले आहे. त्यातच गेल्या काही वर्षांत त्या भागातल्या रसाळ वनस्पती चोरून खणून परदेशी शौकिनांना विकण्याचा धंदा बोकाळला. म्हणून कोणी 'आफ्रिकेतून आणलेले मोठे झाड' देऊ केले, तर त्याला हात लावू नये असे माझे स्पष्ट मत आहे. लावावयाचे तर बीपासून लावावे.

मी बीपासूनच लावले. रसाळ वनस्पतींची रोपवाटिका चालविणाऱ्या एका परिचितांनी रीतसर कागदपत्रे करून बी मागविले होते, त्यांतल्या पंचवीस बिया त्यांनी मला दिल्या. २०१७ सालच्या फेब्रुवारीत, थंडी ओसरल्यावर, एका पसरट कुंडीत चाळलेली जाड वाळू आणि थोडी लाल माती घालून मी त्या पेरल्या. बी चपटे, कडेला पापुद्र्याचे पंख असलेले. वर जेमतेम दिसेनासे होईल इतकाच वाळूचा थर दिला आणि कुंडी खालून पाण्यात ठेवून ओली केली. दोन आठवड्यांत एकोणीस उगवले. मला इतका आनंद झाला की मी सगळ्या विभागाला चहा पाजला.

त्या आनंदातच घात झाला. कॉलेजच्या बागेचे काम पाहणारे मामा मला रोज सकाळी झारी घेऊन उभा असलेला बघत. एक दिवस त्यांना राहवले नाही. "काय ओ सर, भाताचा तरवा हाय काय ह्यो? एवढं पाणी कशाला घालतायसा?" मी त्यांना कोवळ्या रोपांच्या गरजांवर एक छोटे व्याख्यान दिले. मामांनी ते शांतपणे ऐकून घेतले. जूनमध्ये मृगाचा पाऊस लागला. कुंडी व्हरांड्याच्या कडेला होती, पागोळ्यांचे तुषार तिच्यावर येत होते. आठ-दहा दिवस ऊन असे पडलेच नाही. एका सकाळी पाहिले तर चार रोपे मुळाशी काळी पडून आडवी झालेली. पुढच्या पंधरवड्यात आणखी सात गेली. भात्याच्या झाडाला मी खरोखरच भाताचे पाणी पाजले होते!

पुस्तकात 'निचरा होणारी जमीन' असे दोन शब्द लिहिलेले असतात. त्यांचा अर्थ मला या अकरा रोपांनी शिकविला. मूळ गावी या झाडाला पाणी मिळते ते खडकाच्या भेगेत. पाऊस पडला की मुळे तेवढ्यापुरती भिजतात आणि लगेच कोरडी होतात. त्यांना ओल चालते, ओलावून राहणे चालत नाही. दमट हवेत, उन्हावाचून, भिजत राहिलेले मूळ श्वास घेऊ शकत नाही, आणि बुरशी नेमकी तेथेच शिरते. उन्हाळ्याच्या ऐन तडाख्यात झाड वाढ थांबवून बसते, तेव्हाही दया येऊन पाणी घालणे घातकच. म्हणजे आपण ज्या दोन वेळी झाडांना जास्त भिजवितो वा भिजू देतो, त्या दोन्ही वेळी याला कोरडे ठेवावयाचे.

उरलेल्या आठांसाठी मी माती बदलली. एक भाग लाल माती, दोन भाग चाळलेला मुरूम आणि जाड वाळू, विटांचे बारीक तुकडे आणि अगदी मूठभर जुने, पूर्ण कुजलेले शेणखत. खत जास्त झाले तर रोप लुसलुशीत वाढते आणि मान टाकते. कुंडी मातीची, प्लॅस्टिकच्या कुंडीत ओल फार दिवस राहते. तळाचे भोक मी कानशीने मोठे करून घेतले. ऑक्टोबर ते फेब्रुवारी हा आमच्याकडे त्याचा वाढीचा काळ, असे मला अनुभवाने दिसले. त्या दिवसांत कुंडीतली माती पूर्ण वाळल्यावर, साधारण दहा-बारा दिवसांनी, भरपूर पाणी. मार्चपासून तीन आठवड्यांनी एकदा, तेही संध्याकाळी. मृगापासून दसऱ्यापर्यंत कुंड्या छपराखाली, पण उजेडात. पाणी जवळजवळ नाहीच.

तरीही दुसऱ्या वर्षी दोन सडली. आणखी दोन माझ्याच घाईने गेली: वर्षभर सावलीत वाढलेली रोपे मी एप्रिलमध्ये एकदम गच्चीवर नेऊन ठेवली आणि तीन दिवसांत ती भाजून निघाली. वाळवंटातले झाड म्हणून त्याला आमचे ऊन काय करणार, असा माझा समज. पण तिकडेही बाळपणी ते झुडपाच्या आडोशालाच असते, हे मी वाचलेले असूनही विसरलो. उन्हाची सवय आठवड्या-आठवड्याने करावी लागते. पिठ्या ढेकूण आणि खवले कीड पानांच्या बेचक्यात बसते, तिला साबणाच्या पाण्यात भिजवलेला कापूस पुरतो. मात्र ते पाणी बेचक्यात साचू द्यावयाचे नाही.

फांदीचे कलम लागते का, असे पुष्कळ जण विचारतात. लागते; तोडलेली बाजू काही आठवडे वाळवून कोरड्या वाळूत रोवली तर मुळे धरू शकते. पण त्यासाठी आधी फांदी हवी! शिवाय या गोत्रातील बहुतेक जातींना स्वतःचे परागकण चालत नाहीत. एकाच झाडाची दहा कलमे केली तरी ती एकाच झाडासारखी. बी धरावयास दोन निराळी रोपे पाहिजेत. ज्यांना धीरच नाही त्यांनी याच घराण्यातले 'अ‍ॅलोडेन्ड्रॉन बार्बरे' लावावे. ते दक्षिण आफ्रिकेच्या पूर्वेकडच्या, पावसाच्या प्रदेशातले, अठरा मीटरपर्यंत वाढणारे. आपल्या हवेशी त्याचे अधिक जमेल आणि ते वाढतेही भराभर. मला मात्र ते लावावेसे वाटले नाही. वर्गात हसलो होतो ते या झाडाला.

आठांतले एक रोप मी त्या विद्यार्थिनीला दिले. ती आता हुबळीला नोकरी करते. दर दिवाळीला फोन करते आणि पहिला प्रश्न ठरलेला, "सर, फांदी फुटली का?" नाही फुटली. फांदी फुटावयास अजून कित्येक वर्षे आहेत. माझ्यापाशी तीन रोपे उरली. आठ पावसाळे पाहिलेल्या या रोपांतले सर्वांत उंच माझ्या गुडघ्याला लागते. पहिल्या वर्षी ते बोटभर होते, हे ध्यानात घेतले तर ही प्रगती कमी नव्हे. मामांना मात्र ती पटत नाही. "सर, ह्या येळात माझ्या नारळाला फळं धरली," असे ते म्हणतात, आणि ते खरेच आहे.

तिघांपैकी उंच रोप दोन वर्षांपूर्वी मी विज्ञान इमारतीच्या दक्षिण भिंतीलगत जमिनीत लावले. खड्डा खणला नाही. उलट कंबरभर उंचीचा मुरुमाचा आणि खडीचा उंचवटा केला आणि त्यावर रोप ठेवले. भिंत दिवसभर तापते, पाणी उतरून जाते. पावसाळ्यात चार बांबूंवर पारदर्शक पत्रा बांधतो. बाजू उघड्या ठेवतो, नाहीतर आत घुसमट होते. बाकी दोन कुंड्यांत आहेत. तीनही निराळ्या बियांची, म्हणून कधीकाळी फुले आली तर बी धरण्याची आशा आहे. या हिशेबाने पहिले फूल लवकरात लवकर २०३७ च्या हिवाळ्यात. मी पुढच्या मे महिन्यात निवृत्त होतो आहे. त्यानंतर मी शहरातच राहणार असलो तरी रोज येणे माझ्या गुडघ्यांना झेपणार नाही. आणि मामांचीही निवृत्ती दोनच वर्षांवर आली आहे.

म्हणून या वर्षी पहिल्या वर्षाच्या चार विद्यार्थ्यांना मी कामाला लावले आहे. त्यांतील दोघे कन्नड माध्यमातून आलेले आहेत, त्यांनी पाण्याचे वेळापत्रक दोन्ही भाषांत लिहून कपाटाच्या आतल्या बाजूस चिकटविले आहे. दर एक जानेवारीस तीनही रोपांची उंची आणि बुंध्याचा घेर मोजून निळ्या वहीत लिहावयाचा, आणि भिंतीवर मारलेल्या खुणेशी उभे राहून एक छायाचित्र घ्यावयाचे. दोन कुंड्या मृगापूर्वी, म्हणजे जूनच्या पहिल्या आठवड्यातच, व्हरांड्यात घ्यावयाच्या आहेत. पागोळ्यांपासून निदान चार हात आत. पारदर्शक पत्रा आणि बांबू जिन्याखाली आहेत, त्या खोलीची किल्ली वनस्पतिशास्त्राच्या प्रयोगशाळेत दाराशेजारच्या खिळ्याला असते. आणि झारी मी घरी नेली आहे.